'बेल द झूर' पाहून झालेला वाद: फ्रेंच उपहासपटांत हसू नक्की कुणावर?

नीलमोहर (सोमवार, सकाळी ९.१२)

आमच्या इमारतीतल्या आम्ही सात जणी महिन्यातून एका शनिवारी कुणाच्या तरी घरी जमून सिनेमा बघतो. सगळ्यांत धाकटी २८ वर्षांची, तळमजल्यावरच्या मावशी ७१ वर्षांच्या. परवा माझ्या घरी जमलो होतो आणि मी दिग्दर्शक लुई बुन्युएलचा 'बेल द झूर' लावला. १९६७ चा, नायिका कातरीन दनव्ह. सेव्हरीन ही एका सर्जनची देखणी, सुखवस्तू बायको. नवऱ्यावर तिचं प्रेम आहे, पण त्याच्या जवळ तिला जाववत नाही. आणि हीच बाई रोज दुपारी दोन ते पाच एका कुंटणखान्यात जायला लागते.

सिनेमा संपला तरी कुणी जागचं हललं नाही. मग मावशी म्हणाल्या, "अशी बाई कुणी पाहिलीय का गं? मला तर ही कुणा पुरुषाला पडलेली बाई वाटली." झालं, साडेअकरापर्यंत वाद. दोघी म्हणाल्या की तो टर उडवतोय पॅरिसच्या त्या श्रीमंत, सभ्य, चर्चला जाणाऱ्या लोकांची, सेव्हरीनची नाहीच. एक म्हणाली, टर कुणाचीही उडवू दे, कॅमेरा उघडं कुणाला करतोय ते बघ. मी घरमालकीण, त्यामुळे चहा करत राहिले आणि रात्रभर त्याच विचारात जागी.

तर प्रश्न असा. बाईच्या कामेच्छेवर फ्रेंच सिनेमाने पिढ्यानपिढ्या उपहास केला आहे. मला असं वाटायला लागलंय की बाईबद्दलची नजर बदलली की नाही हे ओळखायचं असेल तर तिचे कपडे, तिचं धाडस, यांच्याकडे बघू नये. थिएटरात हसू कुणावर फुटतंय ते बघावं. पूर्वी ते बाईवर फुटायचं, पुढे कधीतरी तिला घाबरणाऱ्यांवर फुटायला लागलं. तुम्हाला हे पटतं का? आणि कुठल्या सिनेमात हे वळण दिसतं?

शिवाय एक व्यावहारिक मदत हवी. पुढचा सिनेमा मावशींच्या घरी आहे. "या वेळी हसवणारा आण," अशी त्यांची ताकीद आहे.

---

पाणपोई (९.३०)

रुमाल टाकून ठेवते. दुपारी सविस्तर लिहीन.

---

जुना_प्रोजेक्टर (१०.०५)

नीलमोहर, तुमच्या मावशींना माझा नमस्कार सांगा.

मी हा सिनेमा १९८३ साली पुण्यात एका फिल्म सोसायटीच्या खेळाला पाहिला. तरुण मंडळींना ठाऊक नसेल म्हणून सांगतो, सोसायटीच्या सभासदांना सेन्सॉरच्या कात्रीतून न गेलेले परदेशी सिनेमे बघायला मिळत. त्यामुळे 'फ्रेंच' हा शब्द सूचनाफलकावर लागला की एरवी रिकामं असणारं सभागृह तुडुंब भरे. त्या संध्याकाळी लोक जिन्यात बसले होते. आणि सिनेमाभर जे बघायला ते आले होते ते बुन्युएलने दाखवलंच नाही. तो दार बंद करतो, कॅमेरा बाहेर ठेवतो. तासाभरात निम्मे लोक निघून गेले.

त्यातला तो प्रसंग आठवा. एक धिप्पाड गिऱ्हाईक लाखकाम केलेला एक लहानसा डबा घेऊन येतं. डब्यातून भुंग्यासारखा आवाज येतो. दुसरी एक मुलगी बघून नकार देते, सेव्हरीन देत नाही. डब्यात काय आहे ते आपल्याला शेवटपर्यंत कळत नाही. बुन्युएलला लोक जन्मभर हेच विचारत राहिले आणि तो सांगे, तुम्हाला जे हवं असेल ते. त्या दिवशी सभागृहातून बाहेर पडताना पुढचे चार जण डब्यावरच वाद घालत होते. तेव्हा माझ्या डोक्यात प्रकाश पडला की हसू आमच्यावर होतं. बाईच्या मनात डोकवायला पैसे भरून आलेल्या आमच्यावर. मावशी म्हणतात ते खरंच आहे, ही पुरुषाला पडलेली बाई आहे. माझ्या मते बुन्युएलला ते माहीत होतं आणि त्याने सिनेमा त्याच पुरुषावर काढला.

---

ढोबळी_मिरची (१०.११)

पण डब्यात होतं काय?

---

जुना_प्रोजेक्टर (१०.१४)

तुम्ही त्या चौघांतले पाचवे!

---

शब्दवेल्हाळ (११.४०)

मी फ्रेंच शिकवते, म्हणून नावाबद्दल थोडंसं. फ्रेंचमध्ये 'बेल द न्युई' म्हणजे रातराणीसारखी 'रात्रीची सुंदरी', आणि ते वेश्येसाठी वापरलं जाणारं आडवळणाचं नावही आहे. झाडांच्या नावांत 'बेल द न्युई' म्हणजे चक्क आपली गुलबक्षी, संध्याकाळी उमलणारी. आणि 'बेल द झूर' हे दिवसा उमलून संध्याकाळी मिटणारं वेगळं फूल. सेव्हरीनला फक्त दुपार मोकळी असते, पाचच्या आत घरी पोचायचं असतं, म्हणून मालकीणबाई तिला हे नाव देतात. वर्गात हे सांगितल्यावर एक मुलगी म्हणाली, "मॅडम, म्हणजे हिची तर ऑफिसची शिफ्ट झाली." माझ्या मते सिनेमातला सगळ्यात धारदार विनोद हाच आहे. उच्चभ्रू घरात दुपारभर रिकामी बसवलेली बाई, आणि तिला पहिल्यांदा वेळ पाळावी लागते ती इथे.

मूळ कादंबरी जोसेफ केसेलची, १९२८ ची. त्यात ती जास्त पापी आणि जास्त दुःखी आहे. बुन्युएल आणि पटकथाकार ज्याँ-क्लोद कारियेर यांनी पश्चात्ताप बराच कमी केला आणि स्वप्नं घातली. चाळीस वर्षांत एवढा फरक पडला हे नीलमोहरच्या प्रश्नाला धरूनच आहे.

---

अनघड (दुपारी १२.२५)

मी वेगळं मत मांडते. प्रोजेक्टरकाकांचा अनुभव सुंदर आहे, पण "हसू पुरुषावर होतं" एवढ्याने मला भागत नाही. दनव्हने पुढे मुलाखतींत सांगितलंय की या चित्रीकरणात तिला फार अवघडल्यासारखं झालं, आधी ठरलं होतं त्यापेक्षा जास्त उघडं दाखवलं गेलं. तेव्हा ती तेवीस वर्षांची होती. उपहास पुरुषावर आणि थंडी मात्र तिला वाजतेय. हे दोन्ही एकाच वेळी खरं आहे आणि मला दुसरं विसरता येत नाही.

उपहासच बघायचा तर त्याच्या दोन वर्षं आधीचा आन्येस वार्दाचा 'ल बोनर', म्हणजे 'सुख', बघा. १९६५. सूर्यफुलं, मोत्झार्ट, गोड नवरा, गोड बायको, गोड मुलं. नवरा सुतार. त्याला दुसरी बाई आवडते आणि तो बायकोला अगदी निरागसपणे सांगतो की सुखात आणखी सुखाची भर पडली. बायको हसून ऐकते आणि त्याच दुपारी पाण्यात बुडालेली सापडते. काही दिवसांनी दुसरी बाई त्याच घरात, त्याच मुलांची वेणीफणी करते, त्याच रानात सहलीला जाते, मोत्झार्ट चालूच. एकही विनोद नाही. पण 'सुखी संसार' या कल्पनेची एवढी क्रूर टिंगल मी दुसरीकडे पाहिलेली नाही. घरातली बाई म्हणजे बदलता येणारा भाग. आणि वार्दाने त्या कुटुंबाच्या भूमिकेत खरोखरचे नवरा, बायको आणि त्यांची मुलं घेतली होती!

तेव्हा कित्येकांना वाटलं की ही बाई नवऱ्याची बाजू घेतेय. म्हणून नीलमोहर, हसू कुणावर हे बघणाऱ्यावरही अवलंबून असतं.

---

रोनकाठ (१२.५८)

मी ल्यों शहरात राहतो, चौदा वर्षं झाली. माझ्या शेजारच्या आजी या काळात तरुण होत्या. त्यांच्याशी बोलल्यावर मला हे सिनेमे नव्याने कळले, म्हणून थोडा कायद्याचा हिशोब देतो.

फ्रान्समध्ये बायकांना मताचा हक्क मिळाला १९४४ साली. लग्न झालेल्या बाईला नवऱ्याच्या परवानगीशिवाय नोकरी करायची आणि स्वतःच्या नावाने बँकेत खातं उघडायची मोकळीक मिळाली जुलै १९६५ च्या कायद्याने. गर्भनिरोधक साधनांना मान्यता डिसेंबर १९६७ मध्ये. गर्भपाताला १९७५ मध्ये. आणि १९७५ पर्यंत व्यभिचार हा फौजदारी गुन्हा होता, तोही कसा? बायकोने केला तर तीन महिने ते दोन वर्षं तुरुंग. नवऱ्याने केला तर दंड, आणि तोसुद्धा त्याने बाई राहत्या घरात आणून ठेवली असेल तरच.

आता 'बेल द झूर' पुन्हा बघा. सेव्हरीन पाचच्या आत घरी का पळते? पकडली गेली तर ती तुरुंगात जाऊ शकत होती. बाहेर जाणाऱ्या नवऱ्याला एवढी भीती नव्हती. आजींनी तो तेव्हाच थिएटरात पाहिला होता. त्या म्हणाल्या, दनव्हचे कपडे बघायला आम्ही मैत्रिणी दोनदा गेलो. कपडे फॅशन डिझायनर ईव्ह सां लोराँचे होते. उपहास वगैरे त्यांना आठवत नाही, काळा कोट आठवतो!

---

वकिलीणबाई (दुपारी १.२०)

रोनकाठ, धन्यवाद. आपल्याकडचं व्यभिचाराचं कलम ४९७ याच्या बरोबर उलट होतं. त्यात बाईला शिक्षाच नव्हती, कारण ती नवऱ्याच्या मालकीची धरली होती. शिक्षा 'दुसऱ्याची वस्तू' नेणाऱ्या पुरुषाला. सर्वोच्च न्यायालयाने ते २०१८ मध्ये रद्द केलं. तिकडे बाई गुन्हेगार, इकडे बाई ऐवज. दोन्हीकडे तिच्या इच्छेचा विचार कुठेच नाही.

न्यायालयाचा विषय निघालाच आहे तर लुई मालचा 'ले झामाँ', म्हणजे 'प्रेमिक'. १९५८, झान मोरो. पहिला अर्धा भाग दिजों गावच्या श्रीमंत मंडळींची मस्त फिरकी घेतो. मग ती बाई एका रात्रीत भेटलेल्या तरुणाबरोबर नवरा आणि घर सोडून निघून जाते, आणि पटकथा तिला शिक्षा करत नाही. गाडीखाली येत नाही, क्षयाने मरत नाही. तो दाखवला म्हणून अमेरिकेत ओहायोमधल्या एका थिएटरच्या व्यवस्थापकाला दंड झाला आणि खटला थेट सर्वोच्च न्यायालयात गेला. १९६४ साली तो निर्दोष सुटला. त्याच निकालात न्यायमूर्ती पॉटर स्टुअर्ट यांनी लिहिलं की अश्लील कशाला म्हणायचं याची व्याख्या मला करता येणार नाही, पण दिसलं की मला ओळखू येतं, आणि हा सिनेमा ते नाही. विद्यार्थिदशेपासून हे वाक्य आम्हाला पाठ आहे. सिनेमा मात्र मी पाहिला चाळिशीत!

---

सरळसोट (१.४५)

मला कुणाला दुखवायचं नाही. पण इच्छा ही नवराबायकोमधली खासगी गोष्ट आहे. तिच्यावर सिनेमे काढायचे, त्यावर हसायचं आणि मग चर्चा करायची, यातून बाईचा मान वाढतो असं मला मनापासून वाटत नाही.

---

पाणपोई (दुपारी ३.१०)

रुमाल उचलते.

सरळसोटदादा, तुम्ही प्रामाणिकपणे लिहिलंत म्हणून मीही तसंच लिहिते. खासगी आहे असं आपण म्हणतो, पण वरचे कायदे वाचा. खासगी होतं तर तुरुंग कशाला होता? बाईपुरतं ते कधीच खासगी नव्हतं. गावाचं, भावकीचं, चर्चचं, सरकारचं, सगळ्यांचं त्यात बोट होतं. उपहास करणाऱ्याने तीच बोटं दाखवली.

आणि हे फक्त तिकडचं खूळ नाही. पॅरिसला जाऊन गणित शिकून आलेले आपले र. धों. कर्वे १९२७ पासून १९५३ मध्ये जाईपर्यंत 'समाजस्वास्थ्य' चालवत होते. कामसुखावर बाईचाही हक्क आहे हे त्यांनी मराठीत, स्वच्छ शब्दांत लिहिलं. खटले अंगावर घेतले. १९३४ च्या खटल्यात त्यांच्या बाजूने डॉ. बाबासाहेब आंबेडकर उभे राहिले होते. माझ्या आजोबांच्या ट्रंकेत दोन अंक होते, वर्तमानपत्रात गुंडाळलेले. आजीने ते वाचले होते की नाही हे मी तिला कधी विचारलं नाही, याचं आज फार वाईट वाटतं.

---

सरळसोट (३.३२)

कर्व्यांबद्दल आदर आहेच. खटल्यात बाबासाहेब होते हे माहीत नव्हतं. वाचतो.

---

जुना_प्रोजेक्टर (संध्याकाळी ५.१५)

नीलमोहर, वळण कुठल्या सिनेमात दिसतं असं तुम्ही विचारलंत. माझ्यापुरतं उत्तर एकच: नेली काप्लान हिचा 'ला फियाँसे द्यु पिरात', १९६९. नावाचा अर्थ चाच्याची वाग्दत्त वधू. नेली मूळची ब्युनोस आयरिसची, पॅरिसला येऊन दिग्दर्शक आबेल गान्सची साहाय्यक झाली. २०२० मध्ये कोविडने गेली.

तेलिए नावाचं एक खेडं. गावाबाहेर झोपडीत मारी आणि तिची आई राहतात. मारीला गाव राबवून घेतं आणि गावातल्या प्रतिष्ठितांना ती हवी तेव्हा, फुकट, वापरायला हवी असते. आई मरते. गावकरी तिचा लाडका काळा बोकड मारून टाकतात. त्या दिवसापासून मारी पैसे घ्यायला लागते. बस, एवढंच. गावात हाहाकार! जे फुकट चालत होतं ते पैसे मागितल्याबरोबर पाप ठरतं. ती दर वाढवत नेते. पैशातून नको नको त्या शोभेच्या वस्तू विकत आणून झोपडी भरते. आणि एक टेपरेकॉर्डर घेते. गिऱ्हाईक बिछान्यात बोलतात, एकमेकांची लफडी सांगतात, ती सगळं टेप करते. मग एका रविवारी चर्चमध्ये ऐन प्रार्थनेच्या वेळी तो टेप सुरू होतो.

मी हा सिनेमा बऱ्याच उशिरा, म्हातारपणी पाहिला. बुन्युएलच्या सिनेमात सेव्हरीनच्या डोक्यात काय चाललंय याचं कोडं आम्ही सोडवत बसलो होतो. इथे मारी कोडं नाहीच. तिला काय हवं ते तिला ठाऊक आहे. कोडं आहे गाव, आणि ती ते चर्चमध्ये सगळ्यांसमोर उलगडून ठेवते. मला वाटतं हसू तिथे कायमचं फिरलं. बर्नादेत लाफोंने जी मारी केलीय ती बघताना कुठेही लाज वाटत नाही. भीती वाटते, आणि आनंद होतो.

---

शब्दवेल्हाळ (५.४०)

काका, या नावात एक गंमत दडली आहे. 'ला फियाँसे द्यु पिरात' हे जर्मन नाटककार ब्रेख्त आणि संगीतकार कुर्ट वाइल यांच्या 'थ्री पेनी ऑपेरा'तल्या एका प्रसिद्ध गाण्याचं फ्रेंच नाव आहे. खाणावळीत भांडी घासणारी मोलकरीण जेनी स्वप्न बघते की एक दिवस चाच्यांचं जहाज येईल आणि मला राबवणारं हे गाव बेचिराख करील. मारी तीच जेनी, फक्त तिला जहाजाची वाट बघावी लागत नाही. आणि त्याच ऑपेरावरून पुलंनी 'तीन पैशाचा तमाशा' लिहिला, १९७८ मध्ये जब्बार पटेलांनी तो बसवला. म्हणजे चाच्याची नवरी आपल्या घरातली, दूरच्या नात्यातलीच निघाली!

---

तिरफळ (संध्याकाळी ६.०५)

पणजीहून. अरे वा! तमाशाचं नाव निघालं म्हणून लावणीचं अवांतर करते. लावणीत बाई आपली इच्छा अगदी ठसक्यात मांडते, पण रामजोशी काय, होनाजी काय, लिहिणारे सगळे पुरुष. गाणाऱ्या बाईच्या अदाकारीत मात्र तिचं स्वतःचं काहीतरी येऊन मिसळतं, ते शाहिराच्या हातात नसतं. दनव्हचंही तसंच असेल का? संवाद बुन्युएलचे, पण शेवटच्या दृश्यातला तिचा चेहरा मला तिचा एकटीचा वाटतो.

---

अनघड (६.२०)

तिरफळ, हे अवांतर नाही. माझ्या दुपारच्या प्रतिसादात नेमकं हेच राहिलं होतं.

---

कुंपण (रात्री ८.०२)

चांगला धागा. पण उपहास एवढा सरळ नसतो याचं एक उदाहरण.

५ एप्रिल १९७१. 'ल नूव्हेल ऑब्झर्व्हातर' साप्ताहिकात ३४३ बायकांनी सही करून जाहीर केलं की मी गर्भपात केला आहे. तेव्हा तो गुन्हा होता. मजकूर लेखिका सिमोन द बोव्हुआरचा. सह्यांमध्ये दनव्ह, झान मोरो, वार्दा, अभिनेत्री देल्फीन सेरिग, लेखिका मार्गेरीत द्युरास. म्हणजे या धाग्यातली अर्धी मंडळी! पुढच्याच आठवड्यात 'शार्ली एब्दो' या व्यंग-साप्ताहिकाने मुखपृष्ठावर काब्यूचं व्यंगचित्र छापलं आणि त्यात या बायकांना एक शिवी घातली. मराठीत तिच्या जवळचा शब्द 'छिनाल'. चित्राचा रोख मिशेल दब्रे या राजकारण्यावर होता. पण लोकांच्या लक्षात काय राहिलं? आजही फ्रान्समध्ये त्या जाहीरनाम्याला '३४३ छिनालांचा जाहीरनामा' म्हणतात. नेम पुरुषावर धरला आणि डाग बाईच्या पदराला लागला.

माझी बायको म्हणते की त्या बायकांनी तो शब्द नंतर स्वतःच अभिमानाने वापरला, म्हणजे जिंकल्या त्याच. आमच्यात यावर एकमत नाही.

---

रोनकाठ (८.३०)

कुंपण, त्याच बायकांचं प्रत्युत्तरही सांगायला हवं. १९७५ हे आंतरराष्ट्रीय महिला वर्ष. डिसेंबरअखेर फ्रेंच टीव्हीवर बर्नार पिव्होने एक कार्यक्रम केला. महिला वर्षाचा एकच दिवस उरला, सुटलो एकदाचे, अशा अर्थाचं त्याचं शीर्षक. समोर महिलाविषयक खात्याच्या मंत्री फ्राँस्वाज झिरू, आणि पुरुष पाहुणे बायकांबद्दल वाटेल ते बोलताहेत, त्या हसून साजरं करताहेत. देल्फीन सेरिग, कारोल रुसोपुलोस आणि दोघी मैत्रिणींनी तो कार्यक्रम व्हिडिओवर धरला आणि मध्ये मध्ये थांबवून, हाताने लिहिलेल्या पाट्या, गाणी आणि स्वतःचे शेरे घालून पुन्हा जोडला. त्याचं नाव 'मासो ए मिझो व्हाँ टाँ बातो', म्हणजे 'मासो आणि मिझो होडीतून निघाले'. पुरुषांचा विनोद जसाच्या तसा ठेवायचा, फक्त थांबवून परत दाखवायचा. तिसऱ्यांदा दाखवल्यावर तो विनोद राहतच नाही. हा मी इथल्या एका छोट्या सभागृहात पाहिला, आणि आजूबाजूच्या विशीतल्या मुली ओरडून पडद्याला उत्तरं देत होत्या.

---

ढोबळी_मिरची (८.४१)

आमच्या कुटुंबाच्या व्हॉट्सॅप समूहातल्या विनोदांना हा इलाज करून बघणार आहे. परिणाम कळवीन.

---

वाटाड्या_मध्यमवर्ग (रात्री ९.१५)

मी ३१ वर्षांचा, जुने सिनेमे फार पाहिलेले नाहीत. पण नेटफ्लिक्सवर 'झ न स्वी पा झँ नोम फासील' (मी सोपा पुरुष नाही) पाहिला, एलेओनोर पूरिया यांचा, २०१८ चा. एक बाईलवेडा माणूस खांबावर डोकं आपटून बेशुद्ध पडतो आणि जागा होतो ते बायकांचं राज्य असलेल्या जगात. तिथे पुरुष आखूड चड्ड्या घालतात, छातीवरचे केस काढतात, आणि बायका त्यांना "हस की जरा" म्हणतात. पहिली वीस मिनिटं मी खूप हसलो. मग एका प्रसंगात ऑफिसातली बाई त्याचं बोलणं मधेच तोडते, आणि शेजारी बसलेली माझी बायको म्हणाली, "हे माझं मंगळवारचं मीटिंग." त्यानंतर मी तो वेगळ्या डोळ्यांनी बघितला. इच्छा दाखवणारी बाई तिथे 'मर्द' आहे आणि इच्छा दाखवणारा पुरुष 'तसला'. शब्द तेच, फक्त अदलाबदल केलेले, आणि किती टोचतात!

---

अनघड (९.४०)

आणि तरीही त्याच २०१८ च्या जानेवारीत 'ल मोंद' या वर्तमानपत्रात सुमारे शंभर बायकांचं पत्र आलं: पुरुषांना सलगी करायचं, मागे लागायचं स्वातंत्र्य असलं पाहिजे, मी-टू अती होतंय. सही करणाऱ्यांत दनव्ह. १९७१ ला सही करणारीही तीच. पुढे तिने अत्याचार सोसलेल्या बायकांची माफी मागितली, पण पत्रावरची सही काही मागे घेतली नाही. मी तीन दिवस चिडून होते. आता वाटतं, तिच्या पिढीला जे कुलूप तोडायचं होतं ते 'नाही म्हणायलाच हवं' हे होतं. आजच्या मुलींना 'नाही म्हटलं तरी ऐकत नाहीत' हे तोडायचंय. दोन वेगळी कुलपं. पण मी अजून तिला पूर्ण माफ केलेलं नाही, हे इथे लिहून ठेवते.

---

वकिलीणबाई (९.५५)

अनघड, २०२५ मध्ये फ्रान्सने बलात्काराच्या व्याख्येत 'संमती' हा शब्द आणला. तुमच्या दुसऱ्या कुलपाची किल्ली इतक्या उशिरा घडली.

---

शब्दवेल्हाळ (रात्री १०.१०)

नीलमोहर, मावशींसाठी सुचवते: फ्राँस्वा ओझोंचा 'पोतिश', २०१०. 'पोतिश' म्हणजे शोकेसमधली शोभेची बरणी. काळ १९७७, छत्र्यांचा कारखाना, मालकाची बायको सुझान म्हणजे आपली दनव्हच, आता साठीच्या पुढची. नवरा आजारी पडतो, ती कारखाना हाती घेते आणि नवऱ्यापेक्षा बरा चालवते. भरपूर हसवतो.

त्यात एक प्रसंग धाग्याच्या प्रश्नाला थेट उत्तर देतो. गावचा साम्यवादी महापौर, सुझानचा जुना प्रेमिक, तिला गाडीतून नेतोय. त्याला वाटतंय की तिचा मुलगा आपलाच. ती गोड हसून सांगते की खात्री नाही, त्या काळात आणखीही कुणी कुणी होतं. हा कामगारांच्या हक्कांसाठी भांडणारा पुरोगामी माणूस इतका दुखावतो की तिला भर रस्त्यात उतरवून निघून जातो. थिएटरात तेव्हा जे हसू फुटतं ते सुझानवर नाही. ती केस नीट करते आणि ट्रकवाल्याला हात दाखवते.

---

जुना_प्रोजेक्टर (१०.१८)

'पोतिश'ला माझा पाठिंबा. पण मावशींना मारी एकदा दाखवाच.

---

नीलमोहर (तीन आठवड्यांनंतर, रविवार, सकाळी ११.०५)

काल मावशींकडे 'ला फियाँसे द्यु पिरात' बघितला. सगळ्यांचे प्रतिसाद मी आधीच मोठ्याने वाचून दाखवले होते, त्यामुळे डब्यावर अर्धा तास गेला!

बोकड मेला तेव्हा मावशी उठून स्वयंपाकघरात गेल्या. त्यांच्या माहेरी शेळ्या होत्या. परत आल्या त्या थेट टेपरेकॉर्डर घेण्याच्या प्रसंगाला. चर्चमध्ये टेप सुरू झाला आणि त्यांनी टाळी वाजवली, मग सगळ्यांनीच वाजवली, शेजारचे विचारायला आले की क्रिकेट आहे का. मी त्यांच्याकडे बघत होते. 'बेल द झूर'ला त्या हाताची घडी घालून बसल्या होत्या, काल पुढे सरकून बसल्या होत्या.

पण त्यांना शेवट पटला नाही. मारी झोपडी पेटवून हसत, मोकळी, रस्त्याने चालायला लागते. आम्ही सगळ्या खूश. मावशी म्हणाल्या, "पुढच्या गावात काय वेगळे लोक असणार आहेत? तिने पैसे सगळे वस्तूंत घालवले. चार पैसे गाठीला ठेवायला हवे होते." त्यावर आमची २८ वर्षांची म्हणाली की मावशी, १९६५ नंतर बाईला खातं उघडता येत होतं, उघडलं असेल तिने. रोनकाठ, हे तुमच्यामुळे!

प्रोजेक्टरकाका, माझ्या प्रश्नाचं उत्तर मला बरंचसं मिळालं, पण कुंपण यांचा मुद्दा अजून सुटत नाहीये. टाळ्या वाजवताना आम्हाला मारीचा आनंद झाला की गावाची फजिती बघायचा, हे काल रात्री मला वेगळं करता आलं नाही.

पुढच्या महिन्यात 'पोतिश'. मावशींनी विचारलंय, त्यात जनावर मरत नाही ना?

---

शब्दवेल्हाळ (११.२०)

नाही. सुरुवातीला एक हरीण आणि एक खार दिसतात, दोन्ही सुखरूप आहेत.